स्लो कुकरमध्ये बोकडाची अख्खी मांडी आणि येसराचा रस्सा

स्लो कुकरच्या, म्हणजे मंद उष्णतेवर तासन्‌तास शिजवणाऱ्या विजेच्या भांड्याच्या, परदेशी पाककृतींमध्ये हॅमची कृती वारंवार भेटते. मांडी भांड्यात ठेवावी, वर थोडा रस ओतावा, ‘लो’वर चार ते सहा तास ठेवावी, एवढ्यावर ती संपते. हीच कृती बोकडाच्या मांडीला लावली तर मांस चिवट राहते आणि दोष कुकरला दिला जातो. खरे कारण वेगळे आहे. हॅम म्हणजे डुकराची मागची मांडी; ती मिठात मुरवलेली, पुष्कळदा धुरी दिलेली आणि बहुधा आधीच शिजवलेली विकत मिळते, त्यामुळे कुकरमध्ये तिला फक्त मधोमध ६० अंश सेल्सिअसपर्यंत गरम करायचे असते. आपण खाटकाकडून आणतो ते मटण कच्चे असते आणि त्याच्या सांध्यांभोवतीचे पांढरे चिवट पडदे विरघळायला ९० अंशांच्या आसपासची उष्णता कित्येक तास मिळावी लागते. म्हणून वेळ, पाणी आणि मसाला या तिन्हींचा हिशेब आपल्याला नव्याने मांडावा लागतो. लातूरच्या आमच्या स्वयंपाकघरात अनेकदा करून पाहिल्यावर जो हिशेब बसला, तो येथे देत आहे.

मांडी घेताना बोकड वर्षाच्या आतबाहेरचा असावा. आपल्या भागातल्या काळ्या उस्मानाबादी जातीच्या अशा बोकडाची मागची मांडी साधारण सव्वा किलोची भरते आणि ती पाच-सहा लिटरच्या लांबट भांड्यात बसते. खाटकाला मांडी अख्खीच ठेवायला सांगावे, फक्त नळीचे टोक सांध्यापाशी तोडून घ्यावे; ते टोकही टाकू नये, रश्श्याला खरा दाटपणा त्यातूनच येतो. कुकर साडेतीन लिटरचा असेल तर मांडीचे दोन तुकडे करून घ्यावेत. भांडे निम्म्याहून कमी किंवा दोन-तृतीयांशाहून जास्त भरलेले नसावे.

आदल्या रात्री मांडीला सुरीने बोटभर खोल चिरा द्याव्यात. तीन चहाचे चमचे मीठ, एक चमचा हळद आणि दोन मोठे चमचे आले-लसणाचे वाटण चिरांच्या आतपर्यंत चोळून ती झाकून फ्रिजमध्ये ठेवावी. कच्ची पपई लावू नये. झटपट भाजायच्या मांसाला ती उपयोगी पडते, पण आठ-नऊ तास शिजणाऱ्या मांडीचा वरचा थर तिच्यामुळे पिठासारखा होतो. दहीही या वेळी नको, कारण लांबलेल्या शिजण्यात ते फुटते. फ्रिजर­मधून काढलेली गोठलेली मांडी तर कधीच थेट कुकरमध्ये ठेवू नये. ती इतकी हळू तापते की जंतूंना वाढायला भरपूर वेळ मिळतो.

यानंतरचे काम कढईतले आहे, आणि माझ्या मते सगळी चव इथेच ठरते. स्लो कुकरमधले तापमान उकळबिंदूच्या वर जात नाही, त्यामुळे त्यात काहीही भाजले जात नाही, परतले जात नाही, लालसर होत नाही. कच्चा कांदा आणि कच्चे वाटण तसेच टाकले तर आठ तासांनंतरही रश्श्याला कच्चट, उकडलेला वास येतो. म्हणून मोठ्या लोखंडी कढईत तीन मोठे चमचे करडईचे तेल चांगले तापवावे, मांडी कोरडी पुसून सर्व बाजूंनी तीन-तीन, चार-चार मिनिटे भाजून घ्यावी आणि बाजूला काढावी. तेलात टाकल्याबरोबर मांडी कढईला चिकटते. ती ओढू नये, रंग आला की ती आपोआप सुटते.

त्याच तेलात उभे चिरलेले तीन मोठे कांदे गडद तांबूस होईपर्यंत परतावेत. तव्यावर अर्धी वाटी सुके खोबरे, एक मोठा चमचा तीळ आणि एक चमचा खसखस वेगवेगळी भाजावी. खोबऱ्याच्या कडा काळपट झाल्या पाहिजेत, मात्र जळता कामा नयेत. बोटांनी मोडल्यावर काप कडक आवाज करून तुटला आणि बोटाला तेल लागले म्हणजे भाजणी जमली. कांदा, खोबरे, तीळ आणि खसखस पाट्यावर किंवा मिक्सरमध्ये अगदी बारीक वाटून ते वाटण पुन्हा कढईत घालावे, त्यात घरचा काळा मसाला अडीच ते तीन मोठे चमचे घालून कडेने तेल सुटेपर्यंत परतावे. दगडफूल घातलेला आपल्याकडचा काळा मसाला या लांबणाऱ्या शिजण्यात मवाळ आणि खोल होत जातो. बाजारच्या गरम मसाल्यातील लवंग-दालचिनी मात्र तासागणिक उग्र होत जाते, म्हणून तो घालायचाच असेल तर शेवटी चिमूटभर घालावा.

आता पाणी. कढईत दीड वाटी उकळते पाणी ओतून तळाला लागलेला मसाला खरवडून घ्यावा. एवढेच पाणी पुरते. चुलीवरच्या पातेल्याच्या सवयीने आपला हात तांब्याकडे जातो, पण या भांड्यातून वाफ जवळजवळ बाहेर पडत नाही आणि मांडी स्वतःचे पाणी सोडते, त्यामुळे शेवटी रस्सा वाढलेलाच दिसतो. थोडा मसाला तळाशी पसरून त्यावर मांडी ठेवावी, शेजारी नळीचे टोक ठेवावे आणि उरलेला मसाला वरून ओतावा. मांडीचा खालचा तिसरा भाग रश्श्यात बुडाला म्हणजे पुरे.

पहिला एक तास ‘हाय’वर आणि पुढचे आठ तास ‘लो’वर ठेवावे. घाई असेल तर ‘हाय’वर सहा तासांत काम होते, पण मोठ्या मांडीला ‘लो’च मानवते. ‘वॉर्म’ हे बटण शिजवण्यासाठी नाही. सुरुवातीच्या अर्ध्या-पाऊण तासाने झाकणाच्या कडेने पाण्याची बारीक रेघ जमते आणि झाकण भांड्यावर घट्ट बसते. ती रेघ मोडू नये. एकदा झाकण उघडले की गेलेली उष्णता भरून यायला वीस ते तीस मिनिटे लागतात. कंदुरीचे, म्हणजे दर्ग्यावरच्या नवसाच्या जेवणाचे, मटण करणारे जाणते लोक पातेल्यावर जड परात ठेवून निखाऱ्यावर ते निवांत सोडून देतात आणि कोणाला झाकण उचलू देत नाहीत, तोच हा संयम आहे. या यंत्राचा जन्मही अशाच सवयीतून झाला: १९४० साली त्याचे पेटंट घेणारे अमेरिकेतील आयर्व्हिंग नॅक्सन यांना आईकडून ऐकलेली, गावच्या भट्टीत रात्रभर ठेवलेल्या चोलंट या ज्यू पदार्थाची आठवण त्यामागे होती.

आपल्याकडे सर्वांत मोठा प्रश्न विजेचा आहे. एकदा रात्री मांडी लावून मी झोपलो आणि सकाळी कुकर गरम होता, दिवा चालू होता. शेजाऱ्यांकडून कळले की मध्यरात्रीनंतर तीन तास वीज नव्हती. फिरत्या बटणाचा कुकर वीज आल्यावर आपोआप सुरू होतो आणि मधल्या खंडाची काहीच खूण ठेवत नाही. ती सव्वा किलोची मांडी मला टाकून द्यावी लागली, आणि ते योग्यच होते. तेव्हापासून मी मांडी सकाळी सात वाजता लावतो, म्हणजे घरात कोणीतरी जागे असते. मांस अर्धवट शिजलेले असताना वीज गेली तर वाट पाहत बसू नये. सगळे लगेच प्रेशर कुकरमध्ये काढून गॅसवर शिजवावे. पूर्ण शिजल्यावर वीज गेली तर दोन तासांच्या आत जेवून घ्यावे. साधारण अडीचशे वॉटचा कुकर घरच्या इन्व्हर्टरवर चालतो, परंतु पंखे-दिव्यांसह बॅटरी लवकर उतरते, म्हणून त्यावर नऊ तासांचा भरवसा ठेवू नये.

मांडी झाली की नाही हे घड्याळापेक्षा हाडावरून ओळखावे. नळीचे उघडे टोक फडक्याने धरून हलकेच फिरवावे. ते मांसात सैल फिरले तर मांडी तयार आहे, अडले तर अजून एक तास द्यावा. तापमापक असेल तर हाडाला न टेकवता जाड भागात खुपसावा, आकडा ९० ते ९५ अंशांच्या दरम्यान यावा.

मांडी दोन झाऱ्यांवर उचलून परातीत काढावी, कारण एका हाताने उचलल्यास ती मधोमध सुटते. रस्सा या वेळी पातळ असतो. तो पातेल्यात ओतून वरची तर्री वाटीत काढून ठेवावी आणि रस्सा मोठ्या आचेवर उकळावा. येथे येसर कामाला येते. भाजलेली बाजरी, गहू, हरभऱ्याची डाळ आणि मसाले दळून केलेले हे पीठ मराठवाड्यात लग्नकार्याच्या आमटीसाठी घरोघर असते. त्याचे दोन मोठे चमचे थंड पाण्यात गुठळ्या न होऊ देता कालवून उकळत्या रश्श्यात धार धरून सोडावे आणि पाच-सात मिनिटे ढवळावे. कणकेने किंवा कॉर्नफ्लॉवरने रस्सा नुसता घट्ट होतो, येसराने त्याला भाजणीचा खमंगपणाही येतो. मीठ या वेळी चाखून घालावे. काढलेली तर्री मांडीला लावून ती गरम तव्यावर प्रत्येक बाजूने दोन मिनिटे ठेवली की वरचा थर कुरकुरीत होतो. मग उरलेली तर्री रश्श्यावर सोडावी. सोबत शाळूची भाकरी रश्श्यात कुस्करायला जरा जाडच थापावी, आणि ताटात कांदा व लिंबू असावे.

सिरॅमिकचे भांडे गरम असताना नळाखाली धरू नये, ते तडकते. उरलेले मटण पसरट भांड्यांत काढून दोन तासांच्या आत, आणि एप्रिल-मेच्या उन्हाळ्यात तासाभरातच, फ्रिजमध्ये ठेवावे. दुसऱ्या दिवशी रस्सा थरथरणाऱ्या वडीसारखा गोठलेला दिसेल. तो बिघडलेला नसतो, हाडांतून व सांध्यांतून उतरलेल्या जिलेटीनने तो जमलेला असतो. तो स्लो कुकरमध्ये न तापवता गॅसवर खळखळून उकळावा, म्हणजे पुन्हा पातळ होतो.