'सवय होईल' म्हणून पोराला गड्ड्यात नेऊ नका: सेन्सरी अडचणींतल्या नेहमीच्या चुका

जानेवारीचा तिसरा आठवडा आला, सिद्धेश्वर यात्रेतला गड्डा (मोठी जत्रा) भरला, की माझा फोन वाजायला लागतो. "मॅडम, गड्ड्याला नेलतं, तवापासून पोरगं बिथरलंय." सोलापुरात ऑक्युपेशनल थेरपी (रोजची कामं जमावीत म्हणून केलेले उपचार) करते त्याला आता सतरा वर्षं होत आली. नावं बदलतात, वाक्य तेच. दरवेळी तेच समजावून घसा बसतो, म्हणून एकदाच लिहून टाकते.

आधी सेन्सरी, म्हणजे संवेदनांचा, प्रकार काय ते थोडक्यात. बघणं, ऐकणं, स्पर्श, वास, चव हे सगळ्यांना माहीत असतं. त्याशिवाय तोल सांभाळणारी यंत्रणा कानाच्या आत असते, स्नायू-सांध्यांतून दाब कळतो, आणि भूक, लघवी, धडधड हे शरीराच्या आतून कळतं. या सगळ्या बातम्यांपैकी कुणाला किती भाव द्यायचा, हे मेंदू ठरवतो. यालाच मॉड्युलेशन म्हणतात. एखाद्याचा मेंदू शर्टाच्या लेबललासुद्धा इतका भाव देतो की पोर दुसरं काही करूच शकत नाही. एखाद्याचा गुडघा फुटून रक्त आलं तरी दखल घेत नाही. एखाद्याला तर कितीही मिळालं तरी कमीच: सोफ्यावरून उड्या, भिंतीला धडका, दिवसभर. अमेरिकेतल्या ए. जीन एअर्स या ऑक्युपेशनल थेरपिस्टबाईंनी याचा पाया घातला, १९७२ साली त्यांचं पुस्तक आलं. पन्नास वर्षं उलटून गेली, तरी आपल्याकडे अजून "लाडावलंय" हेच निदान चालतं.

"सवय होईल की"

ही सगळ्यात मोठी चूक, आणि ती मी स्वतः केलेली आहे.

प्रॅक्टिसचं दुसरं वर्ष. सहा वर्षांचा मुलगा, कुकरची शिट्टी झाली की कानावर हात. आजोबांची इच्छा एवढीच, की नातवानं बाराबंदी (बंदांचा पांढरा अंगरखा) घालून यात्रेतल्या अक्षता सोहळ्याला यावं. त्यांनी मला विचारलं, आणि मी शहाणी म्हणाले, "न्या, हळूहळू सवय होईल."

आता विचार करा. नवीकोरी, खळ घातलेली बाराबंदी. तिचे बंद गळ्याशी आणि काखेत. संमती कट्ट्याजवळ, जिथे अक्षता पडतात तिथे, माणसाला माणूस चिकटलेलं. डोक्यावर अक्षतांचा मारा. हजारो गळ्यांतून एकदम उठणारा 'हर्र बोला हर्र'चा गजर. एवढं त्यानं निभावलं. मग घरच्यांना वाटलं, जमलं की! म्हणून संध्याकाळी होम मैदानावर गड्डा. तिथे पिपाण्या, भोंगे, भज्यांच्या तेलाचा वास, आणि प्रत्येक स्टॉलचा वेगळा लाउडस्पीकर. पोरानं वडिलांच्या खांद्याला कडकडून चावा घेतला आणि गर्दीत पळालं. दहा मिनिटांनी सापडलं, एका जीपखाली. पुढचे तीन आठवडे ते घराबाहेर पडलं नाही. शाळेची रिक्षा दिसली तरी किंचाळायचं. आजोबा मला एवढंच म्हणाले, "मॅडम, तुमीच म्हणला होता की." मला उत्तर नव्हतं.

सवय होते, नाही असं नाही. पण ती लहान मात्रेत होते आणि सुटकेची दोरी पोराच्या हातात असेल तेव्हाच होते. पळून जायला वाटच नसेल, तर मेंदू एकच गोष्ट शिकतो: ही जागा धोक्याची. पुढच्या वर्षी आम्ही त्याला दुपारी चारला मैदानावर नेलं, गर्दीच्या आधी. अंगात जुना, धुऊन मऊ झालेला सुती शर्ट. ठरलेलं असं, की त्यानं बाबांच्या खिशावर हात मारला की उलटं फिरायचं, एक शब्द न बोलता. पहिल्या दिवशी सात मिनिटं. दुसऱ्या दिवशी पंचवीस. तिसऱ्या दिवशी तो उंच पाळण्यात बसला आणि उतरायलाच तयार नाही, सलग पाच फेऱ्या.

यावर आई काय म्हणाली असेल? "बघा, पाळण्याला घाबरत नाही. म्हणजे गेल्या वर्षीचं नाटकच होतं."

"एवढं चालतं, मग तेवढं का नाही?"

कारण कानाचा हिशोब वेगळा आणि तोलाचा वेगळा. एकाच पोराला आवाज सोसत नाही आणि गरगर फिरणं मात्र पुरत नाही, हे अगदी नेहमीचं आहे. "आमचा सेन्सिटिव्ह आहे" असं एकच लेबल लावून आलेल्या पालकांना मी प्रत्येक इंद्रियाचा वेगळा रकाना आखायला लावते. वैताग येतो त्यांना. येऊ दे.

तसंच, पोर शाळेत शहाणं आणि घरी आल्यावर राक्षस, म्हणजे आईच लाडावते, हा निष्कर्षही थांबवा. दिवसभर ट्यूबलाइटची घरघर, बेंचवरचे धक्के, डब्यांचे वास, पीटीची शिट्टी हे सगळं साठत जातं. घरी चहाच्या कपाची बशी वाजते आणि भडका उडतो. मग घरचे बशी बदलतात! मी दोनशे पानी वही ठेवायला सांगते. मोबाइलवरचं ॲप नको, वहीच. भडक्याची वेळ, त्याआधीच्या तीन-चार तासांत काय काय झालं, झोप किती, आणि शांत व्हायला किती वेळ लागला. दोन आठवडे. बहुतेक जण चौथ्या दिवशी वही सोडतात आणि पाचव्या दिवशी मला फोन करतात की फरक नाही.

हट्ट कुठला आणि मेल्टडाउन (सोसेनासं होऊन ताबा सुटणं) कुठला, यासाठी माझी एक गावठी खूण आहे. हट्टी पोर रडताना अधूनमधून डोळा उघडून बघतं की कुणी बघतंय का, आणि हवं ते मिळालं की थांबतं. मेल्टडाउनमध्ये हवं ते दिलं तरी थांबत नाही, कारण तेव्हा त्याला हवं असं काही उरलेलंच नसतं. त्या वेळी प्रश्न विचारू नका, समजावू नका. लाइट कमी करा आणि जवळ गप्प बसा.

ऑनलाइन मागवलेला सेट

ही माझी दुसरी दुखरी नस. रील बघायची आणि वजनाचं ब्लँकेट, चावायचा लॉकेट, छताला टांगायचा झोळीसारखा स्विंग असं सगळं एकदम मागवायचं. एका बाबांनी मे महिन्यात सात किलोचं ब्लँकेट आणलं. पारा बेचाळीसच्या पुढे, लाइट गेलेली, आणि पाच वर्षांचं लेकरू त्याखाली. नशीब, आजी जागी होती. जे पांघरूण पोराला स्वतःला सहज भिरकावता येत नाही, ते त्याच्या अंगावर घालायचं नाही. बाळांना तर वजनाचं काहीच नको, अमेरिकेतल्या बालरोगतज्ज्ञांच्या अकादमीनंही २०२२ मध्ये हे स्पष्ट सांगितलंय. शिवाय अशा वजनांनी हमखास शांत होतं याचा पुरावा फार भक्कम नाही. काहींना बरं वाटतं, एवढंच. स्विंगचंही तेच. गोल गोल फिरवण्याचा परिणाम उशिरा दिसतो. पोर हसतंय म्हणून वीस मिनिटं गरगरवलं आणि रात्री उलट्या, झोप नाही, असे किती तरी बघितलेत मी.

दाब देणारी, जोर लावायला लावणारी कामं बऱ्याच पोरांना स्थिरावतात, आणि ती फुकट असतात. हे मला एका आईनं शिकवलं. तिनं वहीत लिहिलं होतं: 'मंगळ, शनि शांत.' का, ते कळेना. मग उलगडलं की त्या आठवड्यात मंगळवारी आणि शनिवारी नळाला पाणी आलं होतं. आपल्याकडे पाणी रोज येत नाही, हे सोलापूरकरांना सांगायला नको. पाणी आलं की सगळं घर बादल्या-घागरी वाहतं, आणि हा पठ्ठ्या अर्धी अर्धी बादली घेऊन जिना चढायचा. तेव्हापासून माझ्या प्रिस्क्रिप्शनमध्ये ज्वारीचं पीठ मळणं, शेंगाचटणी कुटणं, ओली चादर पिळणं हे असतं. कॉलर चावणाऱ्या मोठ्या मुलांना मी कडक भाकरी देते. नीट चावून गिळता येत असेल तरच, आणि समोर बसून. यानं प्रत्येक पोराला फरक पडेल असं नाही. पण आठ दिवस करून बघायला खर्च काय येतो?

कान तपासले का?

नावानं हाक मारली तर बघत नाही, म्हणून 'सेन्सरी' ठरवून माझ्याकडे पाठवलेल्या एका मुलीच्या कानाच्या पडद्यामागे पाणी साठलं होतं. थेरपी लागलीच नाही, कानाच्या डॉक्टरांनी काम केलं. ऐकणं, डोळे, दात, बद्धकोष्ठता, झोप हे आधी बघा. आणि 'सेन्सरी प्रोसेसिंग डिसऑर्डर' असा शिक्का मागत फिरू नका. डीएसएम-५ या मानसिक आजारांच्या यादीत हे स्वतंत्र निदान नाही. २०१३ च्या या आवृत्तीत संवेदनांना जास्त किंवा कमी प्रतिसाद हे ऑटिझमच्या लक्षणांत धरलंय. एडीएचडीत (लक्ष न टिकणं, अतिचंचलपणा), चिंतेतही अशा तक्रारी दिसतात, आणि काहींना यातलं काहीच नसतं. त्रास मात्र शिक्क्याशिवायही खराच असतो.

बाकीचं पटापट. कान झाकणारे हेडफोन वरातीसाठी ठेवा. दिवसभर घातले तर साधा आवाजही मोठा वाटायला लागतो. नाक दाबून घास भरवू नका. वजन घटत असेल किंवा चार-पाचच पदार्थ खात असेल तर बालरोगतज्ज्ञ गाठा. ब्रशनं अंग घासायचे व्हिडिओ बघून घासू नका. आणि चार सेशनमध्ये "रिझल्ट" मागू नका, चार सेशन तर पोराला माझ्या खोलीचा वास ओळखीचा व्हायलाच लागतात.

मोठ्यांचं कोण बघणार?

पोराची प्रश्नावली भरताना बाबांचं पेन मध्येच थांबतं. "मॅडम, हे तर माझंच लिहिलंय." मोठी माणसं टाळून टाळून निभावतात आणि त्यालाच स्वभाव म्हणतात: लग्नात जेवून लगेच निघणारे, एकाच कापडाचे सहा शर्ट शिवणारे. तरुणपणी नव्हतं आणि आता अचानक आवाज-उजेड सोसेना झाला, तर आधी डॉक्टर. मायग्रेन, कान, औषधं, काहीही असू शकतं. पण लहानपणापासूनच असेल, तर त्याला नखरे म्हणू नका.

अक्कलकोट रोडला राहणाऱ्या एका सूनबाई आल्या होत्या. भिंतीपलीकडे यंत्रमाग, अलीकडे टीव्ही, मिक्सर, कुकर. चिडचिड सगळी पोरांवर निघायची आणि मग रात्री रडू. त्यांची वही बघितली तर माग नडतच नव्हता, तो एका लयीत चालतो. नडायचा तो मिक्सर, कधीही सुरू होणारा. आता त्या घरात मिक्सर लावायच्या आधी हाक मारतात, आणि वाटण शक्यतो रविवारी एकदम होतं. नवरा वाटतो. त्या तेवढा वेळ गच्चीवर कपडे वाळत घालतात.