चंद्रपतंग दारात आलाय? या चुका टाळा

पावसाळ्यात कोकणात, सह्याद्रीच्या कुशीतल्या गावांत ओटीवरचा दिवा रात्रभर चालू राहिला, की सकाळी भिंतीवर कधी कधी तळहाताएवढा फिकट पोपटी जीव बसलेला दिसतो. मागे दोन लांब शेपट्या, पुढच्या पंखांच्या वरच्या कडेला किरमिजी पट्टी, चारही पंखांवर डोळ्यासारखा एकेक ठिपका. हा चंद्रपतंग, शास्त्रीय नाव ॲक्टियास सेलेने. हिमालयापासून दक्षिण भारतापर्यंत आणि पुढे आग्नेय आशियातही तो आढळतो.

दिवसभर हलला नाही म्हणून त्याला आजारी समजू नका, आणि साखरपाणी तर मुळीच देऊ नका. त्याला खाता येईल असं तोंडच नसतं. अळी असताना पोटात साठवलेल्यावर तो जेमतेम आठवडाभर जगतो. साखरपाण्याने फक्त पाय नि पंख चिकट होतात.

खरं नुकसान दिवा करतो. मादी अंधारात एका जागी बसून गंध सोडते आणि नर आपल्या पिसासारख्या मिशांनी तो हुंगत दुरून येतो. इनमिन सात-आठ रात्रींच्या आयुष्यात एक रात्र बल्बभोवती गेली, तर केवढं गेलं! म्हणून पतंग दिसताच बाहेरचा दिवा बंद करा. सकाळी तो उघड्यावर असेल, तर कावळे-साळुंक्या टिपायच्या आत पायांपुढे काडी धरा. तो आपणहून चढतो. मग सावलीतल्या झुडपात सोडा. पंखांना धरू नका, खवले बोटांना लागून निघतात.

शेपटी तुटलेली असली तरी घाबरू नका, तो उडू शकतो. याच्याच अमेरिकेतल्या भाऊबंदावर, लूना मॉथवर, झालेला अभ्यास 2015 साली प्रसिद्ध झाला. गिरक्या घेणाऱ्या शेपट्यांच्या प्रतिध्वनीने वटवाघूळ फसतं आणि अंगाऐवजी शेपटीवर झडप घालतं, असं त्यात दिसलं.

पंख चुरगळलेले दिसले, तर तो बहुधा नुकताच कोषातून निघालेला असतो. लटकून राहिला तरच पंख नीट उघडून वाळतात. जमिनीवर ठेवलात, ओढून सरळ केलेत, तर कायमचे वाकडे राहतील.

आणखी एक. मोईच्या किंवा पेरूच्या झाडाखालचा पाचोळा पेटवण्याआधी जरा चाळून पाहा. पानांत गुंडाळलेला याचा तपकिरी रेशमी कोष हाताला जड लागला, तर आत जीव असू शकतो; तो कुंपणाच्या आडोशाला ठेवा.