इंग्रजीतील ‘लेड’ कुठे आणि कसा वापरावा

जहाजावर माल चढवणे या अर्थाचे ‘लेड’ हे इंग्रजी क्रियापद जुन्या इंग्रजीतील ‘ह्लादन’पासून आले असून, पाणी उपसणे हा त्याचा दुसरा अर्थ आहे, वरण वाढण्याच्या डावाला ‘लेडल’ म्हणतात, ते त्यामुळेच. ट्रक भरण्यासाठी मात्र ‘लोड’ हेच लिहावे, कारण तिथे ‘लेड’ फारच जुनाट वाटते. ‘लेडन’ हे रूप अजून जिवंत आहे. फळांनी लगडलेल्या झाडासाठी ते खुशाल वापरावे आणि पुढे ‘विथ’ जोडावे. न्हावा शेवाहून द्राक्षांचा कंटेनर समुद्रमार्गे पाठवताना जहाज कंपनी देते ते ‘बिल ऑफ लेडिंग’. मालाची पोच, वाहतूक कराराचा पुरावा आणि मालावरील हक्काचा दस्तऐवज अशी तिन्ही कामे करणाऱ्या या कागदाच्या नावात ‘लोडिंग’ लिहिणे ही चूकच होय.