आंतरराष्ट्रीय कायद्याचे संदर्भग्रंथ: निवड आणि वाचन

आंतरराष्ट्रीय कायद्याच्या अभ्यासाची सुरुवात जाडजूड ग्रंथाने न करता मूळ मसुद्यांनी करावी. १९४५ ची संयुक्त राष्ट्रांची सनद, तिला जोडलेला आंतरराष्ट्रीय न्यायालयाचा संविधी (त्याची रचना आणि कामकाज ठरवणारे नियम) आणि करारांच्या कायद्याविषयीचा १९६९ चा व्हिएन्ना करार यांच्या प्रती कायम हाताशी असाव्यात. संविधीच्या ३८ व्या कलमात करार, रूढी आणि कायद्याची सामान्य तत्त्वे आधी येतात. न्यायनिर्णय आणि विद्वानांचे लेखन ही दुय्यम साधने ठरतात. म्हणजे कोणत्याही ग्रंथकाराचे मत हा स्वतः कायदा नसतो, हे वाचताना विसरू नये.

पहिल्या वाचनासाठी माल्कम शॉ यांचा ‘इंटरनॅशनल लॉ’ हा ग्रंथ मला सर्वांत सोयीचा वाटतो, कारण त्यात नियमाबरोबर खटल्यांचीही सविस्तर चर्चा आहे. इयान ब्राउनली यांचा १९६६ मध्ये प्रथम निघालेला आणि पुढे जेम्स क्रॉफर्ड यांनी अद्ययावत केलेला ‘प्रिन्सिपल्स ऑफ पब्लिक इंटरनॅशनल लॉ’ हा ग्रंथ अधिक घट्ट लिहिलेला असल्याने तो दुसऱ्या फेरीला घ्यावा. आवृत्ती शक्यतो ताजीच पाहावी.

ग्रंथ पहिल्या पानापासून सलग वाचण्यापेक्षा एक विषय घ्यावा, खटल्यांच्या सूचीतून त्यावरचा निर्णय शोधावा आणि तो मुळातून वाचावा. उदाहरणार्थ, पोर्तुगीज वसाहत असलेल्या दादरा-नगर हवेलीकडे भारतीय प्रदेशातून जाण्याच्या मार्गावरून पोर्तुगालने भारताविरुद्ध आंतरराष्ट्रीय न्यायालयात लढवलेल्या खटल्याचा निर्णय १२ एप्रिल १९६० रोजी लागला. पाठ्यपुस्तकांत तो बहुधा दोन राष्ट्रांपुरत्या स्थानिक रूढीचे उदाहरण म्हणून थोडक्यात येतो. मूळ निर्णयात मात्र मराठे आणि पोर्तुगीज यांच्यातील १७७९ च्या पुण्याच्या तहाची चिकित्सा आहे. त्या तहाने आणि मराठ्यांच्या नंतरच्या सनदांनी पोर्तुगीजांना तिथल्या गावांचे सार्वभौमत्व दिले नव्हते, केवळ जहागीर किंवा सरंजाम, म्हणजे महसूल घेण्याचा हक्क, दिला होता, असे न्यायालयाने म्हटले. ‘सरंजाम’ हा आपला शब्द त्या इंग्रजी निर्णयात जसाच्या तसा आहे. सव्वाशेहून अधिक वर्षांच्या वहिवाटीमुळे खासगी व्यक्ती, मुलकी अधिकारी आणि सर्वसाधारण माल यांच्यापुरता जाण्यायेण्याचा हक्क मान्य झाला, सशस्त्र दलांसाठी झाला नाही आणि भारताने आपले कर्तव्य मोडलेले नाही, असे ठरले.

टिपण काढताना वस्तुस्थिती, वादप्रश्न, निर्णय आणि त्यामागील कारणे वेगळी लिहावीत. त्यानंतर त्याच निर्णयासोबतची, बहुमताशी असहमत न्यायाधीशांची भिन्नमते वाचावीत, कारण सशस्त्र दलांचा मुद्दा आठ विरुद्ध सात अशा अवघ्या एका मताने सुटला होता.