भजनाच्या पेटीवरून देब्युसी आणि शोनबर्ग यांच्यापर्यंत कसे पोहोचावे

आमच्या वेंगुर्ल्याच्या बाजूला भजनाची पेटी नाही अशी वाडी सापडणे कठीण. विसाव्या शतकाच्या आरंभीच्या युरोपीय संगीतातील दोन प्रवाह, म्हणजे दृक्‌प्रत्ययवाद आणि अभिव्यक्तिवाद (पहिला फ्रेंच संगीतकार देब्युसीचा, दुसरा ऑस्ट्रियन संगीतकार शोनबर्गचा), कानाने ओळखण्यासाठी ही पेटी पुरेशी आहे.

ही दोन्ही नावे चित्रकलेकडून आली. पहिल्या नावाचे मूळ 1874 च्या पॅरिसमधील प्रदर्शनात मांडलेल्या चित्रकार मोनेच्या सूर्योदयाच्या चित्रात आहे, आणि ते आपल्या संगीताला लावलेले क्लोद देब्युसीला रुचत नसे. दृक्‌प्रत्ययवादी बाहेरच्या जगाचा क्षणिक ठसा टिपतो आणि अभिव्यक्तिवादी मनातली भीती व वेदना बाहेर काढतो, ही व्याख्या खरी असली तरी ऐकणाऱ्याला तिचा फारसा उपयोग होत नाही. ऐकताना एकच प्रश्न मनात ठेवावा, तो म्हणजे इथे षड्जाचे, म्हणजे सा या आधारस्वराचे, काय झाले.

आता पेटी उघडून काळी पाच (सप्तकातली पाचवी काळी पट्टी) हा सा धरावा, आणि काळी पाच, पांढरी एक, दोन, तीन, काळी तीन, काळी चार असे सहा स्वर वाजवावेत. हे सा, रे, ग, तीव्र म, कोमल ध, कोमल नी झाले. यात पंचम नाही, शुद्ध मध्यम नाही आणि षड्जाकडे ओढून नेणारा शुद्ध निषादही नाही. सर्व स्वरांमधले अंतर सारखे असल्यामुळे सहापैकी कोणताही स्वर सा मानला तरी चालते, म्हणजेच कोणताच स्वर पुरता सा राहत नाही. काही वेळ हे स्वर वाजवून झाले की देब्युसीच्या प्रिल्यूड्‌सच्या पहिल्या संग्रहातली (1910) दुसरी पियानो-रचना ‘व्वाल’ ऐकावी. या शब्दाचा अर्थ शिडे असाही होतो आणि पडदे असाही. जवळजवळ सगळी रचना याच सहा स्वरांत आहे आणि खाली काळी पाच पुनःपुन्हा वाजत राहते. मध्येच थोडा वेळ केवळ काळ्या पट्ट्या ऐकू येतात. ज्या पट्ट्यांवर आपण काळी तीनला सा मानून भूप वाजवतो, त्याच या पट्ट्या, त्यामुळे तो तुकडा कानाला लगेच लागतो.

नंतर आर्नोल्ड शोनबर्गकडे वळावे. पांढरी सहा आणि तिच्या वरच्या काळी तीन व पांढरी सात या तीन पट्ट्या एकदम दाबून भाता अगदी हलका ठेवावा. त्या न सोडता खालच्या बाजूला पांढरी पाच, एक आणि चार मिळवाव्यात, आणि मग सा गाण्याचा प्रयत्न करावा. पहिल्या तीन स्वरांवरून मनात धरलेला सा दुसऱ्या तिघांशी जुळत नाही, आणि खाली आधाराला काळी पाचसारखा धरून ठेवलेला स्वरही नाही. ही 1911 मधल्या सहा छोट्या पियानो-रचनांपैकी शेवटच्या रचनेची सुरुवात आहे. त्याच वर्षी मे महिन्यात संगीतकार माहलरचे निधन झाले आणि जूनमध्ये शोनबर्गने त्याच्या स्मरणार्थ ही लिहिली. ती अवघ्या नऊ मात्राखंडांची आहे, आणि शेवटचे स्वर ‘श्वासासारखे’ वाजवावेत अशी सूचना स्वरलिपीत आहे. इतक्या थोड्या स्वरांत इतके दुःख मला अन्यत्र कुठे ऐकू आलेले नाही.

या दोन प्रवाहांना परस्परांचे शत्रू मानणे मला चुकीचे वाटते. दोघांनीही स्वरसमूहाला पुढे कुठेतरी पोहोचण्याच्या बंधनातून सोडवले, मात्र देब्युसीने षड्जाचा धागा सैल केला आणि शोनबर्गने तो तोडला. हे नाते सर्वांत स्पष्टपणे शोनबर्गच्या 1909 च्या पाच वाद्यवृंद-रचनांपैकी तिसऱ्या, ‘फार्बन’ म्हणजे ‘रंग’ या रचनेत दिसते. तिला पुढे सरोवरकाठच्या उन्हाळी सकाळीचे शीर्षकही मिळाले. आरंभी पाच स्वरांचा एकच समूह बासऱ्या आणि क्लॅरिनेट यांच्याकडून इंग्लिश हॉर्न आणि ट्रम्पेट यांच्याकडे सरकतो व पुन्हा परत येतो. ढगाची सावली खाडीवरून जाताना पाणी तेच राहते आणि रंग बदलतो, तसे हे ऐकावे. चालीची वाट पाहू नये, वाद्य कुठे बदलले एवढेच टिपावे.

देब्युसीची ‘ला मेर’ म्हणजे ‘समुद्र’ ही वाद्यवृंद-रचना (1905) समुद्रावर बसून ऐकण्याचा मोह आपल्याला साहजिकच होतो, पण तो टाळावा, कारण समोर लाटा असल्या की कान वाद्यांमध्ये लाटांची नक्कल शोधू लागतात. ही रचना त्याने समुद्रापासून दूर, बर्गंडीत सुरू केली होती आणि आठवणीतला समुद्र त्याला पुरेसा होता. घरात, दार लावून, तिन्ही भाग सलग ऐकावेत.

‘एरवार्टुंग’ (1909) शोनबर्गने 17 दिवसांत लिहिले. रात्रीच्या जंगलात प्रियकराला शोधणाऱ्या एकट्या स्त्रीचे हे अर्ध्या तासाचे नाट्य संहितेचे भाषांतर हातात घेतल्याशिवाय ऐकू नये.

त्याआधी शोनबर्गचेच, एका स्त्रीचा आवाज आणि काही वाद्ये यांच्यासाठीचे ‘पिएरो लुनेर’ (1912) घ्यावे. यातली स्त्री गात नाही आणि नुसते बोलतही नाही. स्वराला स्पर्श करून तो लगेच सोडायचा, असे शोनबर्गने प्रस्तावनेत सांगितले आहे. दशावतारात संतापलेल्या राजाचे बोलणे चढत चढत सुराच्या काठाशी येते, ते ज्याने रात्रभर जागून ऐकले आहे, त्याला हा आवाज परका वाटणार नाही. परंपरा मात्र वेगळ्या आहेत, एवढे भान ठेवावे. यातल्या एकवीस कविता सात-सातच्या तीन गटांत आहेत. पहिल्या दिवशी पहिला गटच ऐकावा, आणि सातव्या कवितेत आजारी चंद्रासाठी आवाजासोबत फक्त एक बासरी उरते, तिथे थांबावे.