मिश्र जातीच्या कुत्र्याला आज्ञा कशा शिकवाव्यात: बसणे सोपे, हाकेला येणे अवघड

मिश्र जातीच्या कुत्र्याविषयी आपल्याकडे दोन समज घट्ट रुजलेले आहेत. जातिवंत नसल्यामुळे त्याला काही शिकवता येत नाही, हा पहिला. आणि रस्त्यावर वाढलेल्या आईबापांचे पिल्लू मुळातच हुशार असते, त्याला वेगळे शिकवावे लागत नाही, हा दुसरा. दोन्ही सारखेच निरुपयोगी आहेत. लॅब्राडोरसारख्या जाती माणसाच्या इशाऱ्यावर काम करण्यासाठी पिढ्यान्‌पिढ्या निवडून वाढवल्या गेल्या. गावठी कुत्र्याची अशी निवड कोणी केली नाही, तो स्वतःच्या निर्णयावर जगत आला. त्यामुळे गावठी रक्त असलेला कुत्रा शिकतो लवकर, पण ‘यात मला काय मिळणार’ हा हिशेब आधी करतो. हा हिशेब मान्य करणाऱ्या मालकाचे काम निम्मे होते.

लसीकरण, जंतनाशक, अंगाला नीट बसणारा हार्नेस (गळ्याऐवजी छाती-पाठीभोवती बसणारा पट्टा) आणि घरात रुळण्यापुरता वेळ या गोष्टी झाल्या आहेत असे मी धरून चालतो. मोठ्या वयात रस्त्यावरून आणलेल्या कुत्र्याला पहिले काही आठवडे काहीच शिकवू नये. त्याला घराची, माणसांची आणि जेवणाच्या वेळांची खात्री पटू द्यावी.

शिकवण्यासाठी लागणारा खाऊ मात्र विचारपूर्वक निवडावा. उकडलेली कोंबडी किंवा कलेजी, शाकाहारी घरात पनीर किंवा उकडलेले रताळे, आणि तुकडा हरभऱ्याच्या दाण्याएवढाच. बाजारातील रंगीत बिस्किटे घरात चालतात, रस्त्यावर त्यांना कोणी विचारत नाही. चॉकलेट, कांदा, द्राक्षे आणि बेदाणे कुत्र्यासाठी विषारी असतात, त्यामुळे प्रसादाचा शिरा प्रेमाने पुढे करणाऱ्या आजींना हे आधीच सांगून ठेवावे. सराव जेवणापूर्वी, पाच मिनिटे, दिवसातून दोन-तीनदा करावा. घरातील सर्वांनी एका क्रियेसाठी एकच शब्द वापरावा. आई ‘बस’, मुले ‘सिट’ आणि आजोबा ‘खाली बस बघू’ म्हणत असतील, तर कुत्र्याच्या कानावर नुसता गलबला पडतो.

‘बस’ शिकवण्यासाठी खाऊ नाकासमोर धरून डोक्यावरून मागे न्यावा, पार्श्वभाग जमिनीला टेकताच द्यावा, आणि क्रिया खात्रीने होऊ लागल्यावरच तिच्या आधी शब्द उच्चारावा. कंबर दाबून बसवू नये. ‘आडवा हो’साठी बसलेल्या कुत्र्याच्या नाकापासून खाऊ सरळ खाली, पुढच्या पायांच्या मध्ये न्यावा, अंगावर केस आणि चरबी कमी असलेली गावठी कुत्री गार फरशीवर आडवी व्हायला नाखूश असतात, म्हणून खाली सतरंजी घालावी, निम्म्या तक्रारी तिथेच मिटतात. ‘थांब’मध्ये आधी वेळ, मग अंतर, शेवटी व्यत्यय वाढवावा, आणि खाऊ परत कुत्र्याजवळ जाऊन द्यावा. ‘सोड’साठी बंद मुठीत खाऊ ठेवावा, कुत्र्याने नाक मागे घेताच दुसऱ्या हाताने बक्षीस द्यावे. कचऱ्यातील हाड तोंडातून हिसकावू नये, त्याहून चांगले काही देऊन बदली करावी. उपाशीपोटी दिवस काढलेला कुत्रा हिसकावणाऱ्या हाताला लक्षात ठेवतो.

आतापर्यंतचे सारे कोणत्याही धीराच्या माणसाला जमते. खरी परीक्षा कुत्र्याला उघड्यावर हाक मारून बोलावण्याची असते. मलाही याच टप्प्यावर सर्वाधिक काळ अडकून पडावे लागले, आणि सर्वाधिक चुकीचे सल्लेही याच टप्प्यावर मिळतात.

अडचण समजून घ्यावी. बाकीच्या आज्ञा कुत्रा आपल्या पायाशी उभा राहून पाळतो, तिथे त्याला दुसरे काही करण्यासारखे नसते. हाक मारली जाते तेव्हा तो दूर असतो आणि त्याच्यासमोर मांजर, मासळीवालीची पाटी किंवा गल्लीतील दुसरी कुत्री असतात. त्यातच ‘ये’ हा शब्द घरात दिवसभर उधळला जातो, आणि त्यानंतर बहुधा आंघोळ, गोचीड काढणे, कानात औषध किंवा फिरणे संपवून घरी जाणे हेच घडते. कुत्र्याने त्यातून काढलेला निष्कर्ष अगदी बरोबर असतो: ‘ये’ म्हणजे मजा संपली. असा शब्द पुन्हा चालता करण्यात महिने घालवण्यापेक्षा तो सोडून द्यावा आणि नवा घ्यावा. घरात एरवी न वापरला जाणारा, दुरून स्पष्ट ऐकू येणारा कोणताही शब्द चालेल. मी स्वतः शिट्टी पसंत करतो, कारण ती घरातील कोणीही वाजवली तरी सारखीच वाजते आणि तिच्यात राग उतरत नाही. मात्र रात्री सोसायटीचा रखवालदार शिट्टी वाजवत फिरत असेल तर वेगळ्या आवाजाची घ्यावी आणि दोन आखूड फुंकरी अशी ठरावीक खूण ठेवावी.

पहिले काही दिवस कुत्र्याकडून काहीही मागू नये. तो शेजारी असताना खूण द्यावी आणि लगेच उत्तम प्रतीचा खाऊ द्यावा, एवढेच. क्रम महत्त्वाचा आहे: आधी आवाज, मग खिशाकडे हात. रशियन शास्त्रज्ञ इव्हान पावलोव्ह यांच्या प्रयोगांपासून हे माहीत आहे की, संकेत आधी आणि अन्न नंतर आले तरच संकेताला अर्थ प्राप्त होतो. हात आधी हलला तर कुत्रा हात पाहायला शिकतो, आणि पन्नास पावलांवरून त्याला आपला हात दिसत नाही. खूण ऐकताच मान झटक्यात वळू लागली की हा भाग झाला.

यानंतर एका खोलीतून दुसऱ्या खोलीत, मग दोन माणसांमध्ये आळीपाळीने बोलवावे. इथे एक बारकावा आहे, जो बहुतेक जण गाळतात आणि नंतर पस्तावतात. कुत्रा आला की आधी एका हाताने हार्नेस धरावा आणि मग दुसऱ्या हाताने खाऊ द्यावा. हे सवयीचे झाले नाही, तर कुत्रा येतो, तुकडा उचलतो आणि हात पुढे येताच दोन पावले मागे उडी मारतो; रस्त्यावर अशा येण्याचा काही उपयोग नसतो. हात डोक्यावरून नेऊ नये, हनुवटीखालून किंवा बाजूने न्यावा. रस्त्यावर वाढलेल्या अनेक कुत्र्यांच्या अनुभवात वरून येणारा हात दगडाचा किंवा काठीचाच असतो.

घराबाहेर पहिले पाऊल टाकताना लांब दोर हवाच. सुमारे दहा मीटरचा दोर घ्यावा. तयार मिळतो, पण दोरखंडाच्या दुकानातला सुती दोर, बैलाच्या कासऱ्याच्या जाडीचा, तितकाच उत्तम. नायलॉनचा घेऊ नये, तो हातातून सरकताना कातडी भाजून काढतो. आपोआप गुंडाळला जाणारा पट्टाही नको, कारण तो सतत ताणलेला राहतो आणि ओढले की लांबी मिळते हाच धडा देतो. दोर हार्नेसच्या पाठीवरील कडीला लावावा, गळपट्ट्याला कधीही नाही. वेगात धावणारा कुत्रा दोर संपताच मानेवर आदळला तर श्वासनलिकेला इजा होऊ शकते. दोराच्या टोकाला गाठ किंवा फास ठेवू नये, आणि तो मनगटाभोवती गुंडाळून घेण्याचा मोह तर अजिबात धरू नये.

या दोराचा उपयोग कुत्र्याला ओढून आणण्यासाठी करायचा नाही. त्याचे काम एकच: हाक न ऐकता कुत्र्याने दुसरीकडे कुठे मजा मिळवू नये. पहाटेचे मोकळे मैदान निवडावे, अंतर तीन-चार पावलांचे ठेवावे आणि खूण एकदाच द्यावी. कुत्रा आला नाही तर पुन्हा हाक मारू नये. ‘ये, ये, अरे ये, येतोस का नाही’ ही माळ ऐकणारा कुत्रा पाचव्या हाकेलाच खरी आज्ञा समजू लागतो. शांतपणे दोर धरत त्याच्यापर्यंत जावे, नाकाशी खाऊ दाखवून मागे मागे चालावे, तो सोबत आला की लहानसा तुकडा द्यावा आणि पुढच्या वेळी अंतर किंवा व्यत्यय कमी करावा. लागोपाठ दोनदा तो आला नाही, तर आपण कठीण प्रश्न घातला आहे असे समजावे. येणार नाही याची खात्री असेल तेव्हा खूण द्यायचीच नाही, हा माझा सर्वांत कडक नियम आहे. नाणे खणखणीत ठेवायचे असेल तर ते नको तिथे वाजवू नये.

हाक मारताना समोर वाकून, डोळे रोखून उभे राहू नये. कुत्र्याला तो पवित्रा धमकीचा वाटतो. बाजूला वळावे आणि त्याच्यापासून दूर पळू लागावे. पळणाऱ्याच्या मागे धावणे कुत्र्याच्या स्वभावातच आहे. त्याच्या मागे आपण धावलो तर तोच खेळ उलटा होतो, आणि त्या खेळात दोन पायांचा प्राणी जिंकत नाही.

तो आल्यावर खाऊ द्यावा आणि बहुतेक वेळा पुन्हा खेळायला सोडावे. जी कृती प्राण्याला हवीशी असते तीच दुसऱ्या कृतीचे बक्षीस ठरू शकते, असे अमेरिकन मानसशास्त्रज्ञ डेव्हिड प्रिमॅक यांनी दाखवून दिले होते, आणि हाकेच्या बाबतीत हे तत्त्व खाऊच्या तुकड्याहून अधिक टिकाऊ ठरते. फिरणे संपवायचे असेल तेव्हा हाक न मारता स्वतः चालत जाऊन पट्टा लावावा. आंघोळीसाठी तर ही खूण कधीच खर्च करू नये.

आता त्या सल्ल्याविषयी, जो प्रत्येक मैदानावर कोणीतरी देतोच: कुत्रा उशिरा आला तर त्याला फटका द्या, उलटा पाडून दाबून धरा, म्होरक्या कोण हे कळू द्या. हा विचार 1947 साली प्राणीवर्तनाचे अभ्यासक रुडॉल्फ शेंकेल यांनी बंदिस्त लांडग्यांच्या निरीक्षणावरून मांडलेल्या वर्णनातून पसरला. लांडग्यांचे अमेरिकन अभ्यासक डेव्हिड मेक यांच्या 1970 सालच्या पुस्तकाने तो लोकप्रिय झाला आणि 1999 साली मेक यांनीच रानातील लांडग्यांच्या अभ्यासावरून सांगितले की, तिथला कळप बहुधा आईबाप आणि त्यांची पिल्ले यांचे कुटुंब असतो, सत्तेसाठी झगडणारी टोळी नसतो. सिद्धांत बाजूला ठेवला तरी व्यवहार पाहावा: कुत्रा दहा मिनिटांनी का होईना आला आहे, आणि आपण या क्षणी जे करू ते त्याच्या हिशेबात पळण्याच्या नव्हे, येण्याच्या खात्यात जमा होईल. कितीही संताप आला असला तरी खाऊ द्यावा. दात ओठ खाऊन द्यावा लागला तरी चालेल, पण द्यावा. मोठ्या वयाच्या, रस्त्यावर झगडून जगलेल्या कुत्र्याला पाठीवर पाडणारा माणूस तर चाव्याला निमंत्रणच देतो. विजेचा झटका देणारे पट्टेही मी याच यादीत घालतो.

सहा महिन्यांपासून दीड वर्षापर्यंतच्या काळात उत्तम शिकलेला कुत्रासुद्धा अचानक बहिरा झाल्यासारखा वागतो. तारुण्याचा हा टप्पा सरेपर्यंत निमूटपणे पुन्हा लांब दोर लावावा. बाकीच्या आज्ञांचा खाऊ हळूहळू कमी करता येतो; या एका आज्ञेचा करू नये. कधी एक तुकडा, कधी मूठभर, असे प्रमाण बदलावे, पण हात रिकामा कधीच नसावा. पावसाळ्यात मैदान चिखलात गेले तर पार्किंगमध्ये सराव चालू ठेवावा. उन्हाळ्यात तापलेल्या डांबरावर तळपाय भाजतात, तेव्हा तो पहाटेच उरकावा.

हाक पक्की झाली म्हणून रस्त्यावर पट्टा काढायचा नसतो. आपल्या गल्ल्यांतून वाहने आहेत, आणि प्रत्येक वळणावर हद्द राखणारी कुत्री आहेत, ज्यांना आपला कुत्रा आज्ञाधारक आहे की नाही याच्याशी कर्तव्य नसते. पट्ट्याची कडी तुटली किंवा फाटक उघडे राहिले तर उपयोगी पडावी, यासाठी ही मेहनत असते. दिवाळीत मात्र तिच्यावरही विसंबू नये, कारण फटाक्याने घाबरलेल्या कुत्र्याला शिट्टी ऐकू आली तरी तो तिचा विचार करू शकत नाही. त्या दिवसांत अंधार पडण्यापूर्वी फिरवून आणावे, हार्नेसला एक आणि गळपट्ट्याला एक असे दोन पट्टे लावावेत, आणि फोन नंबर कोरलेला बिल्ला गळ्यात आहे याची दारातून निघण्यापूर्वी खात्री करून घ्यावी.