बारा मणी, त्यातला एक फितूर

कोडं कानावर पडलं की लगेच उत्तर हुडकायला लागू नका. आधी शक्यता किती आहेत ते मोजा आणि मग एका चालीत त्यातल्या किती गळतील ते बघा. मी कोल्हापूरच्या गुजरीत, म्हणजे सराफ बाजारात, दागिने घडवतो. दुपारी काम थंड असलं की आमच्याकडं कोडी चालतात, आणि आमचा धंदा बघता तराजूचं कोडं सगळ्यांत लाडकं. हल्लीचा इलेक्ट्रॉनिक काटा इथं कामाचा नाही. तो सरळ मिलिग्रॅम सांगून मोकळा होतो, मग कोड्यात राम काय उरला? दोन पारड्यांचा जुना तराजू घ्या, वजनांची पेटी बाजूला ठेवा.

सोप्यापासून सुरू करा. नऊ मणी दिसायला सारखे, एक जड. दोनदाच तोलायचं. नवखा माणूस हमखास चार-चार ठेवतो. पारडं झुकलं की हातात चार मणी आणि एकच तोल, म्हणजे अडकलाच. तराजूला दोन नाही, तीन उत्तरं असतात: डावं खाली, उजवं खाली, नाहीतर समतोल. म्हणून तीन-तीन ठेवा, तीन बाहेर. जड मणी कुठल्या तिघांत आहे ते कळतं. त्या तिघांतले दोन तोला, झालं.

आता खरं कोडं. बारा मणी, एकाचं वजन वेगळं, पण तो जड की हलका ते ठाऊक नाही. तीनदा तोलून तो मणी सापडला पाहिजे, आणि जड की हलका तेही सांगायचं. शक्यता मोजा: बारा मणी, प्रत्येक जड किंवा हलका, म्हणजे २४. तीन तोलांची उत्तरं ३×३×३ = २७. जमण्यासारखं आहे, पण उधळपट्टी चालणार नाही. पहिल्या तोलानंतर ९ पेक्षा जास्त शक्यता उरल्या की खेळ संपला. पाच-पाच ठेवून पारडं झुकलं तर १० उरतात. तीन-तीन ठेवून समतोल आला तर बाहेरच्या सहांच्या १२. चार-चार ठेवलं तर काहीही होवो, ८. म्हणजे पहिली चाल चार-चारच. हे एकही मणी न उचलता कळलं!

समतोल आला तर उरलेल्या चारांतले तीन, तीन खात्रीच्या मण्यांशी तोला. पुढचं सोपं आहे. पारडं झुकलं तर मात्र डोकं खाजवावं लागतं. जड बाजूचे १, २, ३, ४ आणि हलक्या बाजूचे ५, ६, ७, ८ असं समजा. दुसऱ्या तोलाला डावीकडं १, २, ५. उजवीकडं ३, ६ आणि एक खात्रीचा. काही मणी उचलायचे, काही पलीकडं सरकवायचे, सगळी करामत यातच आहे. तिसरा तोल तुमचा तुम्ही ठरवा, मी सांगत नाही.

मापांचं कोडं उलटं सोडवायचं. पाच लिटरचं आणि तीन लिटरचं भांडं आहे, चार लिटर दूध मोजून पाहिजे. गंगावेशीच्या दूधकट्ट्यावर हे विचारू नका, तिथं गिऱ्हाइकाला एवढा दम नसतो. शेवटून चला: चार म्हणजे पाचातून एक काढलेला. एक काढायला तीनच्या भांड्यात एकाचीच जागा पाहिजे, म्हणजे त्यात आधी दोन असले पाहिजेत. दोन म्हणजे पाचातून तीन. हेच उलट क्रमानं करा. भांडी तीन आणि सहाची असली तर नाद सोडा, तीनच्या पटीशिवाय काही हाती लागणार नाही.

वाघ, शेळी आणि गवताची पेंढी नदीपार न्यायचं कोडं सगळ्यांनी ऐकलंय. नावेत नावाड्याबरोबर एकच मावतं. इंग्लंडातल्या यॉर्कच्या आल्क्विन या पंडिताच्या (मृत्यू ८०४) नावावर असलेल्या कोड्यांच्या लॅटिन संग्रहात वाघ आणि पेंढीच्या जागी लांडगा आणि कोबी आहे. शेळीला परत आणायचं कुणाला सुचत नाही, तिथंच गाडी अडते.

कट्ट्यावर कोडं घालणार असाल तर एक नियम आधीच सांगा: ज्याला उत्तर आधीपासून येतंय त्यानं गप्प बसून भडंग खायचं.